विहिणीच्या हाताखाली

कुठल्याही देशाचा आत्मा त्याच्या स्वयंपाकघरात वसतो. राजवाडे, पुतळे, संग्रहालयं हा सगळा बाहेरचा थाट. खरा देश पाहायचा तर चुलीपाशी जाऊन बसावं. हे मी इतक्या प्रवासवर्णनांत वाचलं आहे की ते खरं असणारच. त्यानुसार २००९च्या ऑक्टोबरात मी नागपूरहून निघालो, कॅनडात पोचलो आणि तिथे मेक्सिकन स्वयंपाक शिकलो. मला नेमका कोणत्या देशाचा आत्मा दिसला, हे मला अजून नीट सांगता येत नाही.

किचनर

माझी थोरली बहीण सुषमाताई आणि भाऊजी वीसेक वर्षांपासून किचनरला राहतात. टोरंटोहून मोटारीने तास-सव्वा तासाचा रस्ता. हे गाव जर्मन लोकांनी वसवलं आणि नाव ठेवलं बर्लिन. पहिल्या महायुद्धात ते नाव अडचणीचं झालं, तेव्हा गावकऱ्यांनी एका इंग्रज सेनापतीचं नाव घेतलं. हे गृहस्थ त्याआधी आपल्याकडेही सरसेनापती होते. त्यामुळे गावाला नाव जर्मनांशी लढणाऱ्याचं आणि दर ऑक्टोबरात उत्सव जर्मन बिअरचा, अशी व्यवस्था आहे. जन्मभर कॉलेजात इतिहास शिकवल्यामुळे मला याचं फार कौतुक वाटलं. भाऊजींना सांगितलं तर ते म्हणाले, "इथे पार्किंग मिळतं बरं का. टोरंटोत ते नाही."

पहिल्या सकाळी मी मागच्या दारी उभा राहिलो. मेपलची झाडं लाल झाली होती, आणि ती इतकी लाल होती की जरा अतिशयोक्ती वाटावी. तेवढ्यात ताई स्वयंपाकघरातून आली, हातातली गरम पोळी तिने कुंपणाच्या फळीवर ठेवली आणि आत गेली. दोन खारी आल्या आणि पोळी घेऊन गेल्या.

"हे काय?" मी विचारलं.

"पहिली पोळी गाईची असते न बाप्पा. विसरलास?"

"त्या खारी होत्या."

"मग किचनरमध्ये गाय कुठून आणू? भावना पाहायची."

ताईच्या घरात आईचे दोन नियम तसेच चालू आहेत. पहिली पोळी गाईची, आणि देवाला नैवेद्य दाखवेपर्यंत पदार्थ चाखायचा नाही. मीठ हाताच्या अंदाजाने घालायचं आणि शिजलं की नाही ते वासावरून ओळखायचं. तिचा अंदाज चुकत नाही असा तिचा लौकिक आहे. हा लौकिक तिनेच आम्हाला वेळोवेळी सांगितलेला आहे.

संध्याकाळी भाचा आला. रोहन तिथेच वाढला, तिथल्याच एका सॉफ्टवेअर कंपनीत आहे आणि स्वतःच्या कॉन्डोत राहतो. मराठी त्याला सगळं कळतं, उत्तर मात्र इंग्रजीत येतं. तो मारियाना नावाच्या मुलीशी लग्न करणार होता. मारियाना नर्स आहे, लहानपणी आईबरोबर मेक्सिकोतल्या पुएब्ला शहरातून आली. वडील नाहीत. ताईने मुलगी पाहिली होती, आई पाहिली नव्हती. रविवारी दोघी जेवायला यायच्या होत्या.

"मॉम, प्रॉमिस मी," रोहन जेवताना म्हणाला. "सण्डेपर्यंत नो फोन कॉल्स, नो फेसबुक, नो इन्व्हेस्टिगेशन. यू विल मीट हर लाइक अ नॉर्मल पर्सन."

"मी कधी चौकशी करते?"

रोहनने नुसतं माझ्याकडे पाहिलं. त्याआधी टोरंटोजवळच्या मार्कहॅमच्या एका मुलीशी त्याचं जुळत होतं, तेव्हा ताई थेट त्यांच्या घराजवळच्या देवळात जाऊन पुजाऱ्याशी बोलून आली होती. मुलीच्या वडिलांना ते कळलं आणि ते प्रकरण तिथेच आटोपलं.

"दिस टाइम आय मीन इट," तो म्हणाला. "काही केलंस तर वी विल जस्ट गो टु सिटी हॉल. दोघंच. साइन करू आणि तुला फोटो ईमेल करू."

ताईच्या हातातली पळी तशीच राहिली. तो गेल्यावर ती भांडी मशीनमध्ये लावत किती तरी वेळ पुटपुटत होती, "फोटो ईमेल करतो म्हणे. एकुलता एक पोरगा, आणि आईनं लग्न कम्प्युटरवर पाहायचं."

बाजार

किचनरच्या बाहेर शेतकऱ्यांचा मोठा बाजार भरतो. तिथे मेनोनाइट पंथाचे लोक घोडागाडीतून येतात. काळे कपडे, टोप्या, मोटार नाही, वीज नाही. गाडीच्या मागे मात्र वाहतुकीच्या नियमाप्रमाणे चकचकीत नारिंगी त्रिकोण. आधुनिक जगाचा त्याग केला तरी मागून धडक बसू नये, इतपत तडजोड त्यांनी स्वीकारली आहे. मी एका बाईंकडून सफरचंदाचं लोणचंवजा काहीतरी घेतलं. ते गोड होतं. तिथे सगळंच जरा गोड असतं.

ताईने मला भोपळ्यांच्या ढिगामागे नेलं आणि आवाज खाली आणला. भोवती मराठी समजणारं कोणी नव्हतं.

"उद्या संध्याकाळी आपल्याला क्लासला जायचं आहे. मेक्सिकन कुकिंग. हॅण्ड्स-ऑन. तुझ्या नावावर दोन जागा बुक केल्या आहेत."

"माझ्या नावावर का?"

"माझं आडनाव सांगितलं असतं तर कळलं असतं न त्यांना."

"कोणाला?"

ती भोपळा उलटा करून पाहत राहिली. "मारियानाची आई शिकवते. कम्युनिटी सेंटरमध्ये."

"ताई, तू कबूल केलं होतंस. त्याला कळलं तर तो खरंच सिटी हॉलला जाईल."

"मी चौकशी करणार नाही म्हटलं होतं. स्वयंपाक शिकणार नाही असं कुठे म्हटलं?" मग जरा थांबून म्हणाली, "वसंता, रविवारी काय दिसणार आहे मला? नवी साडी नेसून मी, नवा ड्रेस घालून ती. दोघी गोड गोड बोलू. बाई चुलीपाशी कशी वागते ते पाहिलं की मी निश्चिंत होईन. एकदा पाहायचं आणि यायचं. कोणाला कळून राहिलं?"

युरोपच्या इतिहासात कितीतरी मोहिमा याच वाक्याने सुरू झालेल्या मला माहीत आहेत. मी भोपळा उचलून गाडीत ठेवला.

वर्ग

कम्युनिटी सेंटरचं स्वयंपाकघर मोठं आणि दवाखान्यासारखं स्वच्छ होतं. आधी आम्हाला आग लागल्यास बाहेर पडायचे दरवाजे दाखवण्यात आले, मग प्रथमोपचाराची पेटी, मग कोणाला शेंगदाण्याची ॲलर्जी आहे का याची विचारपूस. कॅनडात कुठलीही गोष्ट सुरू करण्यापूर्वी ती कशी संपू शकते ते सांगतात.

मग लुपे आली. मारियानाची आई ती हीच. साठीच्या आतली, बुटकी, करड्या केसांची जाड वेणी, कानात सोन्याचे डूल. तिने आल्याबरोबर सगळ्यांना मातीच्या भांड्यातून दालचिनी घातलेली बिनदुधाची कॉफी दिली, स्वतःही घेतली आणि एका ओट्यावर तिघं अशी वाटणी केली. आमच्या ओट्यावर तिसरा होता डग. आगीच्या बंबावरून निवृत्त झालेला, प्रचंड आकाराचा, सद्गृहस्थ. त्याला ताईचा धक्का लागला तर तो सॉरी म्हणायचा, आणि तो ताईला लागला तरी तोच म्हणायचा.

"व्हेजिटेरियन कोण आहे?" लुपेने विचारलं. आम्ही दोघांनी हात वर केले. तिने ताईकडे क्षणभर पाहिलं आणि आमच्यापुढे कोंबडीऐवजी बटाटे आणि भोपळा आणून ठेवला. तिचं इंग्रजी स्पॅनिशच्या चालीवर चालायचं. मी पुढे ते मराठीतच देतो.

मुख्य पदार्थ होता मोले, म्हणजे एक काळसर दाट रस्सा. वाळलेल्या मिरच्या भाजायच्या, भिजत घालायच्या. तीळ, शेंगदाणे, बदाम, मनुका, लवंग, दालचिनी, सगळं वेगवेगळं भाजून वाटायचं, आणि शेवटी त्यात चॉकलेट. चॉकलेटपर्यंत ताई एकदम खूश होती.

"हे तर आपलं वाटण आहे," ती माझ्या कानात म्हणाली. कॅनडात गेलेला मराठी माणूस जे काही खातो ते त्याला आपलंच वाटतं, असं मी ऐकलं होतं. पण मिरच्या भाजायला लागल्यावर सगळा वर्ग खोकत दाराकडे सरकला आणि ताई एकटीच तव्यापाशी उभी राहिली, तेव्हा लुपे लांबून तिच्याकडे पाहत होती हे मला दिसलं.

"मिरची करपायच्या आधी काढलीस," लुपे येऊन म्हणाली. "कसं कळलं?"

"वासावरून," ताई म्हणाली.

डगने मिक्सरचं झाकण न लावता बटण दाबलं. पुढची काही मिनिटं छत पुसण्यात गेली. त्याने सगळ्यांना एकेक करून सॉरी म्हटलं.

मोले उकळायला लागल्यावर लुपे हातात चमच्यांचा जुडगा घेऊन ओट्यांवरून फिरू लागली. "चाखा! प्रत्येक पायरीला चाखा. न चाखणारा स्वयंपाकी म्हणजे डोळे मिटून गाडी चालवणारा." सगळे चाखत होते. डग चाखत होता तो जवळजवळ जेवतच होता, आणि दर वेळी म्हणत होता, "टेस्ट्स ग्रेट."

लुपेने ताईपुढे चमचा धरला.

"मी आधी चाखत नाही," ताई हसून म्हणाली.

"मीठ बघायला?"

"मीठ मला हाताला कळतं." आणि तिने मुठीतून अंदाजाने मीठ घातलं. ऐटीत. लुपेने चमचा खिशात ठेवला आणि ती पुढे गेली. आम्ही जो खोक्यातला तयार भाजीचा स्टॉक, म्हणजे भाज्या उकळलेलं पाणी, मोलेत ओतला होता, त्यात मुळातच भरपूर मीठ होतं. हे खोक्यावर लिहिलेलं होतं, पण ताई चष्मा गाडीत विसरली होती आणि मी खोकं वाचायच्या जातीचा नाही.

मग तोर्तिया, म्हणजे तिकडची मक्याची भाकरी. चुन्याच्या पाण्यात शिजवून दळलेल्या मक्याचं पीठ. चुना तोच, आपण पानाला लावतो तो. प्रत्येक ओट्यावर दाबून तोर्तिया करायचं लाकडी यंत्र होतं. ताईने ते यंत्र बाजूला सरकवलं, हात ओले केले आणि गोळा थापायला घेतला. भाकरी थापावी तशी थाप, थाप, थाप. आजूबाजूचे ओटे थांबले. तोर्तिया तव्याएवढी मोठी झाली.

"ही ट्रक ड्रायव्हरची," लुपे म्हणाली, पण तिने ती स्वतःच्या हाताने तव्यावर टाकली. उलटली, पुन्हा उलटली आणि ती टम्म फुगली. "आमच्याकडे पोरीची तोर्तिया फुगली की म्हणतात, आता हिचं लग्न करून द्या."

"माझं दोनदा झालं आहे," डग म्हणाला.

ताईने ती फुगलेली तोर्तिया तव्यावरून काढली आणि सवयीने, विचारही न करता, ओट्याच्या कोपऱ्यावर एका बशीत वेगळी ठेवली. मग दुसरा गोळा घेतला. मी पाहिलं, मला त्यात काही विशेष वाटलं नाही. डगने पाहिलं आणि त्याला वाटलं, ती त्याची. त्याने ती उचलली, दुमडली आणि दोन घासांत संपवली.

"अगंबाई!" ताई मराठीत ओरडली. "ती गाईची होती!"

डग घाबरून म्हणाला, "सॉरी, सॉरी." त्याला वाटलं, त्यात काही विषारी होतं.

ताईचं मराठी ओरडणं त्या खोलीत मला सोडून कोणाला कळण्याचं कारण नव्हतं. पण लुपे ओट्याच्या पलीकडे थांबली. तिने रिकाम्या बशीकडे पाहिलं, मग ताईकडे.

"ही गाईसाठी होती?" तिने विचारलं.

ताईने हातातला गोळा ओट्यावर ठेवला.

"माझी मुलगी सांगत होती," लुपे सावकाश म्हणाली, "रोहनची आई पहिली पोळी गाईसाठी काढते. गाय नाही म्हणून खारीला देते. आणि देवाच्या आधी चाखत नाही, तरी मीठ कधी चुकत नाही. मला वाटलं, मुलगा आईचं कौतुक सांगतो आहे."

मी टोप्यांवर, टोपणनावांवर, खोट्या दाढ्यांवर चाललेल्या हेरांविषयी वाचलं आहे. गाईच्या घासामुळे पकडला गेलेला हेर मला तोपर्यंत माहीत नव्हता.

"मिस्टर वसंत," लुपे माझ्याकडे वळली, "तुम्ही तिचे भाऊ?"

"हो," मी म्हणालो. इतिहासाच्या मास्तरला खोटं बोलायला पुरावा लागतो, आणि इथे पुरावा सगळा विरुद्ध बाजूला होता.

"छान. जेवायला बसा."

सगळे लांब टेबलाशी बसले. लुपे मुद्दाम ताईच्या शेजारी बसली आणि आमच्या ओट्यावरचा मोले तिने स्वतःच्या ताटात वाढून घेतला. मी पहिला घास घेतला आणि मला समुद्र आठवला. डगने पाण्याचा जग ओढला. ताईने घास तोंडात घातला आणि तिचा चेहरा मी विसरणार नाही. मला वाटतं, पकडलं गेल्याचं दुःख तिला त्या क्षणी दुय्यम वाटलं.

लुपेने ताट पूर्ण संपवलं. शांतपणे, घासागणिक पाणी पीत. मग तोंड पुसून म्हणाली, "रंग उत्तम आला आहे."

पार्किंग लॉट

बाहेर गार वारा होता आणि भाऊजी गाडीत हीटर लावून बसले होते. ताई गाडीपाशी गेली नाही. ती दाराशी लुपेची वाट पाहत उभी राहिली. लुपे किल्ल्या घेऊन बाहेर आली.

"मी मुलाला शब्द दिला होता," ताई म्हणाली. तिचं इंग्रजी अशा वेळी फार छोट्या वाक्यांचं होतं. "रविवारपर्यंत चौकशी नाही. त्याला कळलं तर तो मला लग्नाला बोलावणार नाही. तसं म्हणाला आहे. तुम्ही सांगू नका. प्लीज."

लुपेने रस्त्याच्या दिशेने हनुवटी उडवली. "तुमच्या घराला हिरवा दरवाजा आहे. वरच्या खिडकीत पांढरे पडदे. बाजूच्या खिडकीला काहीच नाही."

"तुम्हाला कसं माहीत?"

"मी गाडीने समोरून गेले होते. एकदा गेले, मग वळून पुन्हा आले. माझी मुलगी कुठल्या घरात जाते आहे ते पाहायला नको?"

"बाजूच्या खिडकीचे पडदे धुवायला काढले होते," ताई ताबडतोब म्हणाली.

"मला तसंच वाटलं," लुपे म्हणाली. त्यावर दोघी हसल्या. रविवारी पहिल्यांदाच भेटतो आहोत असं दाखवायचं, असं ठरलं. ताई गाडीत येऊन बसली. भाऊजींनी विचारलं, "काय शिकलात?" ताई म्हणाली, "चॉकलेट घालतात."

रविवार

रविवारी बाजूच्या खिडकीला पडदे होते. ताईने पुरणपोळी, कटाची आमटी, भरली वांगी असा बेत केला होता आणि, माझ्या डोळ्यांसमोर, आमटी आधी देवापुढे ठेवून मग चमच्याने तीनदा चाखली होती.

लुपे आणि मारियाना आल्या. दोघी विहिणींनी इतक्या औपचारिकपणे हात मिळवले की मारियाना काळजीत पडली. "हाउ डू यू डू," ताई म्हणाली. "प्लेझर," लुपे म्हणाली. रोहन मला बाजूला घेऊन कुजबुजला, "मामा, दे हेट ईच अदर."

जेवण चांगलं झालं. लुपेने पुरणपोळी दोनदा मागून घेतली. मग ताई चहा करायला आत गेली आणि ट्रे घेऊन बाहेर आली. सगळ्यांना आल्याचा चहा. लुपेपुढे मात्र तिने कॉफी ठेवली, बिनदुधाची, कपात दालचिनीची काडी.

मारियानाने कपाकडे पाहिलं. रोहनने पाहिलं.

"मॉम," तो म्हणाला, "हाउ डू यू नो शी ड्रिंक्स इट लाइक दॅट?"

भाऊजी माझ्याकडे पाहू लागले, मी खिडकीतून मेपलकडे पाहू लागलो. ताईचा चेहरा पांढरा पडला होता. तिला त्या क्षणी कम्प्युटरवरचा फोटो दिसत असणार.

"मी सांगितलं तिला," लुपे म्हणाली. "ती माझ्या क्लासला आली होती. तिने मोले केला. मीही तुमच्या घरावरून गाडी फिरवून गेले होते. आता सगळं सांगून झालं. कॉफी गरम आहे तोवर पिऊ द्या."

रोहन उभा राहिला. "अनबिलीव्हेबल. मॉम, यू प्रॉमिस्ड. ओके. फाइन. दॅट्स इट. सिटी हॉल."

"कसला सिटी हॉल?" मारियानाने विचारलं.

रोहनने खुर्चीची पाठ धरली.

"आय मीन," रोहन म्हणाला, "इट वॉज जस्ट... आय टोल्ड मॉम दॅट इफ शी..."

लुपेने कप खाली ठेवला. "कोण जातंय सिटी हॉलला?"

"आई, मला काहीच माहीत नाही," मारियाना म्हणाली, आणि ती ज्या नजरेने रोहनकडे पाहत होती ती नजर मी ताईच्या घरात आधी पाहिली होती, पण ती ताईची होती.

मग लुपे मुलीकडे वळून स्पॅनिशमध्ये बोलू लागली आणि ताई मुलाकडे वळून मराठीत. दोघींना एकमेकींचं एक अक्षरही कळत नव्हतं. तरी एक थांबली की दुसरी मान हलवायची, आणि मग पहिली पुन्हा सुरू करायची. पुएब्लाच्या तीन मावश्या, त्यांचे आधीच शिवायला टाकलेले कपडे, नागपूरचे काका, मेरीमातेचा आशीर्वाद, मंगलाष्टकं, एकुलता एक, एकुलती एक. रोहन हळूहळू खाली बसला.

"मामा," तो मला म्हणाला, "यू न्यू?"

"मी प्रवासी आहे," मी म्हणालो. "मी फक्त पाहतो."

"आमटी उरली आहे का?" भाऊजींनी विचारलं.

त्या टेबलाशी दोन जुन्या संस्कृती, दोन देव आणि दोन आया यांची गाठ पडली, आणि सकाळी देवळातल्या गुरुजींपुढे व संध्याकाळी पाद्रीबाबांपुढे असं लग्न ठरलं. स्वयंपाक दोन्ही विहिणी मिळून करणार, असंही तिथेच ठरलं. मोले लुपेचा, आमटी ताईची, आणि मीठ दोघींनी चाखून. पुढचे कित्येक महिने त्या दर गुरुवारी एकमेकींच्या स्वयंपाकघरात तयारी करत होत्या, असं भाऊजी फोनवर सांगायचे.

लग्न जूनमध्ये झालं. बाहेरचं अन्न आत आणू द्यायचं नाही असा हॉलचा नियम होता. जेवण हॉलच्याच केटररचं, इटालियन होतं.